पाणजांभळीवर पहिला कोयता

आमच्या दामूनं जन्मात मला कधी नाही म्हटलं नाही, हीच माझी त्याच्याविरुद्ध पहिली तक्रार.

"गुरं सोड रं." "होय वैनी." "फुटलेला बांध घाल." "होय वैनी." संध्याकाळी बघावं तर गुरं दावणीला हंबरतात आणि बांधातनं पाणी तसंच वाहतंय. विचारलं तर डोकं खाजवत पुन्हा "होय वैनी". नाही म्हणणाऱ्या माणसाशी भांडता येतं. त्याला चार शब्द सुनावता येतात, त्याचे चार ऐकता येतात, मग दोघं गप होतात आणि भाकरी खातात. होय म्हणणाऱ्याशी काय भांडणार? हवेत हात मारल्यासारखं.

दामू माझा धाकटा दीर. मी लग्न होऊन कडावच्या अंगाला या गावात आले तेव्हा तेरा वर्षांची होते आणि तो रांगत होता. सासू त्याच्या बाळंतपणातून उठलीच नव्हती. घरात सासरे, माझे मालक आणि हे पोर. शेळीचं दूध बोळ्यानं पाजून मी त्याला जगवला. त्याचा गोवर काढला, त्याचे दात पडले ते कौलावर मी टाकले, त्याचं लग्न मी जमवलं. हे मी गावात चार वेळा बोलून दाखवलं असेल. चार नाही, चाळीस. केलेलं बोलायचं नाही तर लोकांना कळणार कसं?

आमच्या शेतावरनं वहाळ जातो. उन्हाळ्यात गुडघाभर पाणी, आषाढात म्हैस उचलून नेईल एवढं. वरनं सरळ येतो आणि दोन खाचरांच्या मधे एकदम वळतो. त्या वळणावर पाणजांभळीची अकरा झुडपं होती. मोठं जांभूळ तुम्ही पाहिलं असेल, ते झाड. ही त्याची वहाळाकाठची धाकटी बहीण. फार तर दोन पुरुष उंच, बुडापासून दहा-दहा फांद्या, पानं लांब आणि निमुळती. चैत्रात पांढरे तुरे यायचे. काठ नुसता माश्यांनी घुमायचा आणि गळलेले तंतू कण्यांसारखे पाण्यावर तरंगत जायचे. वैशाख सरता सरता वाटाण्याएवढी काळी फळं. सोमी कातकरीण ती द्रोणात भरून कर्जतला स्टेशनाबाहेर विकायला न्यायची. पहिला द्रोण माझ्या ओटीवर ठेवून जायची. मी म्हणायची, "तुरट हायत गं." ती म्हणायची, "मग दे परत." मी द्यायची नाही.

पण फुलं माश्यांची आणि फळं पोरांची. मला कौतुक होतं ते मुळांचं. माझ्या लग्नाच्या दुसऱ्या वर्षी पुरानं ते वळण फोडलं आणि खालचं अर्धं खाचर एका दुपारी नेलं. सासऱ्यांनी दगडांचा बांध घातला, तो पुढच्या साली गेला. मग मी वरच्या डोहाजवळनं पाणजांभळीची रोपं मुळासकट काढली, ओल्या फडक्यात गुंडाळून पाटीत घातली, पाटी डोक्यावर आणि दामू कडेवर, अशा चार खेपा केल्या. सासरे हसले. म्हणाले, "सूनबाय पुराला जांभळं चारते." तीन पावसाळे गेल्यावर हसायचे थांबले. ही झुडपं पाण्याशी मस्ती करत नाहीत. पूर आला की आडवी होतात, ओसरला की उठतात, आणि खाली लाल मुळांची अशी वीण घालतात की खेकड्यालाही बीळ पाडवत नाही. चाळीस वर्षांत त्या वळणाची ओंजळभर माती हलली नाही.

गोवा आपला झाला त्या हिवाळ्यात माझे मालक गेले. दोन वर्षांनी वाटणी झाली. आमच्याकडे रीत अशी, की थोरल्यानं वाटे पाडायचे आणि धाकट्यानं आधी उचलायचा. म्हणजे वाटे पाडणाऱ्याच्या मनात खोट राहत नाही. थोरले गेले होते म्हणून वाटे मी पाडले. वरचं खाचर आणि त्याला लागून असलेला वळणाचा काठ, हा एक वाटा. खालचं खाचर आणि घरामागची वाडी, हा दुसरा. खालची जमीन गाळाची, सोन्यासारखी. वरची जरा मुरमाड. दामूनं वरचा वाटा उचलला. मला वाटलं, वैनीला चांगलं राहू दे म्हणून उचलला. मला एकटी मुलगी, पारू, चौकला दिलेली, पोरगा नाही. खालच्या खाचराचं भात हाच माझा आधार, हे त्याला ठाऊक होतं.

धोंडीबुवा आमच्या पंचांतले वडीलधारे. ते म्हणाले, "चंद्रभागा, वळणाची झुडपं दामूकडे गेली. राखण मात्र तुज्या खाचराची करतात. वळण फुटलं तर दामूचं काय जात नाय, पाणी सरळ तुज्यात येईल. झुडपं तोडायची नायत असं कागदावर घालू या."

मी म्हटलं, "बुवा, मी बोळ्यानं पाजलेल्या पोराकडनं कागद लिवून घेऊ? थुंकतील लोक माज्या तोंडावर."

दामू तिथंच मांडी घालून बसला होता. "होय वैनी," म्हणाला. कशाला होय, ते त्याला कोणी विचारलं नाही.

तेरा वर्षं काही झालं नाही. मी माझं खाचर करत होते, तो त्याचं. लावणीला त्याची माणसं माझ्याकडे, माझी त्याच्याकडे. मग शहात्तर साली त्याच्या पोराचं, पोशाचं लग्न ठरलं. मुलगी भिवपुरीची, शकू नावाची, बाप वीजघरात नोकरीला. वैशाखाचा मुहूर्त.

आमच्यात मांडवावर जांभळीचे टहाळे लागतात. कापड कितीही ताणा, वर जांभळीचा पाला नसला तर तो मांडव नव्हे, नुसती सावली. लग्नाच्या आदल्या दिवशी सकाळीच दामू आला. नवी बंडी, कपाळाला घाम.

"वैनी, टहाळे वळणावरचे काढू का?"

"काढ की. फळं धरलीत, सोमी बोंबलंल, पण लगीन काय रोज हाय? वरवरचं काढ. मानंखाली कोयता नको."

"होय वैनी. चल मग."

"मी कशाला?"

"चल तर."

वाजंत्री लावून सगळे वहाळावर निघाले. बाया, पोरं, पोशा हळदीच्या अंगानं पुढे. मी आपली मागं, पांढऱ्या कपाळाची बाई जिथं चालते तिथं. वळणावर पोचलो तसा दामूनं कोयता कमरेचा काढला आणि सगळ्यांच्या मधनं वाट काढत माझ्याकडे आला. कोयत्याची मूठ माझ्यापुढे धरली.

दामूची सासू गौराबाई तिथं होती. ती काही हळू बोलणारी नव्हे. "अगो बाय! शुभकार्याला रांडावाचा हात?"

वाजंत्री थांबली. आणि माझा दामू, ज्यानं जन्मात मोठ्यानं शब्द काढला नव्हता, तो सगळ्या गावापुढं म्हणाला, "मामी, माजी आई कोन, ते मला म्हाईत हाय. पयला कोयता वैनीचाच. नायतर मांडव घालणार नाय."

मी रडत नाही. सासरे गेले तेव्हा नाही, मालक गेले तेव्हाही लोकांसमोर नाही. त्या दिवशी रडले. डोळ्याला पदर लावला, दुसऱ्या हातानं कोयता घेतला आणि पाणजांभळीची एक फांदी काढली. हिरव्या फळांसकट हातात आली. बायांनी गाणं धरलं. पोशा पाया पडला. गौराबाईकडे मी असं बघितलं की तिनं तोंड वहाळाकडे फिरवलं. मग मी घरी आले, कारण दुसऱ्या दिवशीचे चार मण तांदूळ निवडायचे होते. मागं पुरुष राहिले.

लग्न छान झालं. मांडवात पहिल्या ओळीला एक जाडजूड मनुष्य बसला होता, धुवट टोपी, बोटात अंगठी. दामू म्हणाला, "वैनी, हे चौकचे कोंडीरामशेट. ह्यांना नारळ नि टॉवेल तुज्या हातनं दे." मला वाटलं मुलीकडचे कोणी पाहुणे. मी नारळ दिला, टॉवेल दिला, वर म्हटलं, "शेट, जेवल्याबिगर जायचं नाय हां. आमच्यात तशी पद्धत नाय."

तो हसला. "बाई, आता आपलं येणं-जाणं चालूच राहायचंय."

मी म्हटलं, वा, सोयरे बोलके मिळाले.

तिसऱ्या दिवशी वहाळावर धुणं घेऊन गेले तर सोमी काठावर उभी. कमरेवर हात.

"बाय, तुजा मांडव केवढा होता गं? कर्जतपतूर?"

"का गं?"

तिनं नुसती हनुवटी पुढे केली. अकराच्या अकरा झुडपं घोट्यापासून तोडलेली. वरवरचं नव्हे, मान नव्हे, कंबर नव्हे. घोटा. पांढरी खोडं उन्हात वाळत होती आणि मुळांपाशी चिरडलेल्या हिरव्या फळांचा सडा.

सोमी म्हणाली, "माजी जांभळं गेली त्याचं जाऊं दे. पर येवढा पाला मांडवात तर नवता. मी मोजला नाय, पर बगितला. निम्म्या फांद्या गाडीत भरून रस्त्याकडं गेल्या."

मी तशीच दामूच्या दारात गेले. तो ओटीवर पान जुळवत होता.

"वळणावरची झुडपं घोट्यापासनं कोनी तोडली?"

"पोरांनी, वैनी. लग्नाच्या भरात."

"पोरांच्या हातात कोयता कोनी दिला?"

"होय वैनी," म्हणाला, आणि पानाला चुना लावत राहिला.

त्याची बायको सोनू आतनं आली, माझे हात धरले, म्हणाली, "थोरल्या जाऊबाय, लग्नघर हाय, नव्या नवरीसमोर नको." ते मला पटलं. शकू दाराआड उभी होती, हळदीचे पाय, काय म्हणेल पोर. मी आवाज खाली आणला. दामूला म्हटलं, "ऐक. पाणजांभळी तोडून मरत नाय. बूड जिवंत हाय तर पंदरा दिवसांत फुटवे येतील, पावसापतूर हातभर होतील. ह्या साली तगलं तर तगलं. पर खोडांना हात लावशील तर बघ. मुळं गेली की माजं खाचर गेलं. शपथ घे."

त्यानं माझ्या गळ्याला हात लावला. "तुज्या गळ्याची आन, वैनी."

मी विश्वास ठेवला. का ठेवू नये? चार दिवसांमागं त्यानं गावापुढं मला आई म्हटलं होतं. वाटेत ज्यानं ज्यानं विचारलं त्याला मीच सांगितलं, पोरांनी भरात तोडली हो, दामूचा दोष नाही. आणि खरंच फुटवे आले. तांबूस, बोटाएवढे, लहान बाळाच्या कानासारखे मऊ. मी रोज सकाळी जाऊन बघायची. सोमी शेळ्यांना तिकडं फिरकू देत नव्हती.

ज्येष्ठ लागायच्या आधी चौकहून निरोप आला, पारूचे दिवस भरले. मी जाऊ की नको करत होते. दामू स्वतः आला. माझं बोचकं उचललं, एस्टीच्या खिडकीतनं टॉवेल टाकून मला जागा धरली, आणि गाडी सुटेपर्यंत खाली उभा राहिला.

"बिनघोर जा, वैनी. बारसं करूनच ये. खोडांवर माजा डोळा हाय."

पारूला मुलगी झाली. बारसं झालं. चौदाव्या दिवशी मी परतले. गाडीतनं उतरले ती घरी न जाता वहाळावर गेले, हातात बोचकं तसंच.

वळण नव्हतंच. तिथं खड्डा होता, दोन पुरुष खोल. काठ कापून माती काढलेली, चाकांच्या खोल चाकोऱ्या रस्त्यापर्यंत गेलेल्या. पलीकडे माळावर मातीचा डोंगर, आणि त्याच्या शेजारी माझ्या पाणजांभळीच्या मुळ्या, लाल, गुंतलेल्या, चाळीस वर्षांची वीण उलटी करून वाळत घातलेली. भट्टीला जळण म्हणून. काही मुळ्यांना फुटवे तसेच होते, कोमेजलेले.

खड्ड्याच्या तोंडाशी दोरी धरून माप घेत होता तो धुवट टोपीवाला. मला बघून हसला. तेच हसू.

"या बाई. नारळवाल्या बाई ना तुम्ही?"

"तुमी हितं काय करताय?"

"वीटभट्टी टाकतोय. पावसाआधी माती काढून ठेवायची, पाऊस तिला मुरवतो, दिवाळीनंतर विटा पाडायच्या. काठची माती लोण्यासारखी आहे. दामूशेटनी जागा बरी दाखवली."

"कधी दाखवली?"

"माघात. झुडपांची अडचण होती, गाडी उतरत नव्हती. तर म्हणाले, थांबा, पोराचं लग्न काढतो वैशाखात, त्यात झुडपांचं उरकून टाकू, कोणी काही बोलणार नाही."

तो हे अगदी सहज बोलला. त्यात काही वावगं आहे हे त्याच्या गावीही नव्हतं. मी त्याला काय बोलणार? त्याच्याशी माझं नातं काय, एका नारळाचं.

माघात. म्हणजे मुलगी बघायलाही गेलो नव्हतो तेव्हा. म्हणजे टहाळे विचारायला आला तेव्हा ठरलेलं होतं. मूठ माझ्याकडे करून कोयता धरला तेव्हा ठरलेलं होतं. गळ्याला हात लावला तेव्हा, एस्टीत टॉवेल टाकला तेव्हा.

दामूला मी गाठला तेव्हा तो म्हणाला, "शेट दगडांनी बांधून देनार हाय, वैनी. पावसाआधी."

"दिलं का?"

"होय वैनी," म्हणाला.

पाऊस यायला आठ दिवस होते. शेट काही बांधायला आला नाही, त्याची माती निघाली होती. मी आणि सोमी दोघी बायांनी निर्गुडीच्या मेखा ठोकल्या, मधे करवंदीच्या काट्या कोंबल्या, पोत्यांत माती भरून लावली. सोमी म्हणाली, "बाय, ही गळक्या हंड्याला शेणाची चिकटी हाय." मला ठाऊक होतं. पण हात बांधून बसणं मला येत नाही. रोपांसाठी आवण टाकलं, लावणीही केली. त्या साली दामूची माणसं माझ्या लावणीला आली नाहीत. आजारी होती म्हणे, सगळी एकाच दिवशी.

आषाढात तीन दिवस लागून पडला. चौथ्या दिवशी सकाळी उजाडल्यावर गेले तर वहाळ वळत नव्हता. सरळ येत होता, खड्ड्यातनं, मेखांवरनं, माझ्या खाचरातनं. हिरवं भात हातभर वर आलं होतं, त्यातलं रोपांचं एक चूड दिसेना. पाणी ओसरायला दोन दिवस गेले. ओसरलं तेव्हा तिथं गोटे होते. बैलाच्या डोक्याएवढे गोटे आणि जाड रेती, या बांधापासून त्या बांधापर्यंत. गाळाची जमीन खाली कुठंतरी उल्हास नदीला जाऊन मिळाली. असली जमीन माणसाच्या हयातीत परत होत नाही.

श्रावणात पंच बसवले. मी बसवले. मारुतीच्या देवळात, दिवसाढवळ्या, सगळा गाव. धोंडीबुवा खांबाला टेकून. एका बाजूला दामू, पोशा, सोनू, आणि आपल्या गावाहून आलेली गौराबाईसुद्धा. तिला अशा वेळी कोणी बोलावायला लागत नाही. दुसऱ्या बाजूला मी. सोमी देवळाच्या पायरीखाली बसली, पण बसली.

मी सगळं सांगितलं. माघापासून. धोंडीबुवांनी दामूकडे बघितलं.

"दामू, वैनीच्या खाचराची राखण तू मोडलीस का?"

मला वाटलं, आता म्हणेल, होय वैनी.

दामूनं घसा साफ केला. "बुवा, वाटा माजा. काठ माजा. माज्या काठावरची माती मी दिली. झुडपं तोडली म्हनता, तर पयला कोयता कोनाचा होता, इचारा. सारा गाव होता तितं. वाजत गाजत गेलो. मी कोयता तिच्या हातात दिला नि तिनं हसतरडत घातला. आता मी चोर कसा?"

 गौराबाईनं तोंडाला पदर लावला. पोशा जमिनीकडे बघत होता.

धोंडीबुवा माझ्याकडे वळले.  म्हणाले, "चंद्रभागा, घातलास का गं तू पयला घाव?"

"घातला."

"मग आमी काय बोलनार? कागद नाय. त्या दिशी मी म्हटलं होतं. कागद नाय, नि घाव तुजा."

तेव्हा मला कळलं, त्या सकाळी मला मान मिळाला नव्हता, माझी सही घेतली होती. मी न लिहिलेल्या कागदावर त्यानं माझ्याच हातानं, सगळ्या गावाच्या साक्षीनं, रडता रडता माझी सही घेतली होती. इतकी अक्कल त्याला आहे, हे मला चाळीस वर्षांत दिसलं नाही. मी त्याला बोळ्यानं दूध पिणाराच समजत राहिले.

दामूला वाटलं, झालं. त्याचा आवाज मऊ झाला. "वैनी, मी काय तुला उपाशी ठेवनार नाय. वर्साचं भात मी घालीन, तुज्या कनगीत आनून. नि तसं बघितलं तर तुला पोरगा नाय. खाचर तुज्यामागं पोशाचंच होतं ना? आमचंच गेलं म्हन."

लोक माना डोलावू लागले. शहाणं बोलला म्हणे. धोंडीबुवाही म्हणाले, "घे चंद्रभागा, भात घे. घरातल्या घरात मिटंल."

मी उठले. दामूच्या समोर जाऊन उभी राहिले. तो बसलेला होता, उठायला लागला, मी म्हटलं, बस.

"दामू, तू मला ती माती मागितली असतीस तर काय झालं असतं? शिव्या घातल्या असत्या मी. दोन दिवस तुज्याशी बोलले नसते. तिसऱ्या दिवशी म्हटलं असतं, घे मेल्या, पर वळन सोडून घे, वरच्या अंगानं काढ. वरच्या अंगालाबी तीच माती हाय. तुला हे ठाऊक होतं. मला वळखतोस तू, कडेवर होतास तेव्हापासनं वळखतोस. तरी मागितली नायस. कारन मागितली असती तर वैनीनं दिली असं झालं असतं. माज्या हातचं घेऊन घेऊन तुजा घास कडू झाला रं. ती माजी चूक असंल. मी बोलून दाखवलं, लई बोलून दाखवलं, भर चौकात दाखवलं. पर कडू लागला तर ताट सारायचं, तोंडावर सारायचं. 'वैनी, गप बस' म्हनायचं. मी ऐकलं असतं का नसतं, तो माजा प्रश्न. तू ते केलं नायस. तू मला आई म्हटलास, नि आई म्हनून गळा कापलास. मातीसाठी न्हवं. माती तर वरच्या अंगाला पडली होती. भात तुजं मला नको. वाडी हाय, दोन हात हायत, पारू हाय. पंचांनी सांगितलं तू चोर नायस, मी बी सांगते, नायस. चोराला भ्या असतं. तुजा निवाडा मी करते. ह्यापुढं माज्या दाराशी आलास तर ओटीवर बसायचं. पानी देईन, गुळाचा खडा देईन, वाटसराला देते तसा. कुठनं आलास, कसा हायस, इचारीन. पर उंबऱ्याच्या आत यायचं नाय. आत तुजं आता कोन नाय."